‘पोटगी थकवली तरी कोर्टात काही होत नाही’ : हा दावा कुठे चुकतो

व्हॉट्सअॅपवर एक संदेश फिरतो आहे. त्याचं म्हणणं थोडक्यात असं: घटस्फोटाचा निकाल लागेपर्यंत बायकोला पैसा मिळत नाही; नंतर नवरा पोटगी थकवतो, फार तर महिनाभर तुरुंगात जाऊन येतो आणि बाकी माफ होते; म्हणून मिळेल त्यावर समाधान माना. तारखांवर तारखा पडतात हे खरं आहे. बाकीचं खोटं आहे, आणि त्यावर विश्वास ठेवून बायका हक्काची रक्कम सोडून देतात.

‘निकालापर्यंत पैसा नाही.’ हिंदू विवाह कायद्याच्या कलम 24 प्रमाणे दावा चालू असतानाच अंतरिम पोटगी मागता येते. हा अर्ज शक्यतो 60 दिवसांत निकाली काढावा, असं कलमातच आहे. हे दिवस नोटीस बजावल्यापासून मोजतात, आणि घोळ तिथेच होतो: पत्ता जुना, घराला कुलूप, पुन्हा नोटीस. पहिल्याच अर्जात राहता, गावचा आणि नोकरीचा असे तिन्ही पत्ते द्यावेत.

‘तो उत्पन्न लपवतो.’ लपवतातच. म्हणून सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर 2020 मध्ये रजनेश विरुद्ध नेहा या निकालात दोन्ही बाजूंना मालमत्ता आणि देण्यांचं शपथपत्र सक्तीचं केलं. उत्तर आणि शपथपत्रासाठी चार आठवडे. दोनपेक्षा जास्त संधी मागून चालढकल केली, तर न्यायालय त्याचा बचाव काढून टाकू शकतं. तसा अर्ज मात्र आपण द्यावा. पोटगी अर्जाच्या तारखेपासून द्यावी, हेही त्याच निकालात आहे, त्यामुळे लांबवलेले महिने नवऱ्याच्याच खात्यावर चढत जातात.

‘महिनाभर आत गेला की हिशेब संपला.’ संदेशातलं सर्वांत घातक वाक्य हेच. कुलदीप कौर विरुद्ध सुरिंदर सिंग (1989) मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केलं आहे की तुरुंग हा वसुलीचा मार्ग आहे, फेड नव्हे. शिक्षा भोगून आल्यावरही थकबाकी तशीच उभी राहते.

खरा धोका वेगळाच आहे. फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम 125 ची (आता नागरिक सुरक्षा संहितेचं कलम 144) पोटगी थकल्यास वॉरंटचा अर्ज रक्कम देय झाल्यापासून एका वर्षात करावा लागतो. समजा दरमहा 15,000 रुपये आहेत आणि 14 महिने काहीच मिळालं नाही. अर्ज आज केला, तर या मार्गाने 1,80,000 मागता येतात. पहिल्या दोन महिन्यांचे 30,000 हातचे गेले. म्हणून दर तीन-चार महिन्यांनी अर्ज टाकावा. सोबत तक्ता हवा: महिना, देय रक्कम, मिळालेली रक्कम व तारीख, बाकी. मध्ये आलेले पाच हजारही त्यात दाखवावेत. लपवले, तर समोरचा वकील हिशेबावरच हरकत घेतो आणि पुढची तारीख पडते. हिंदू विवाह कायद्याच्या कलम 25 च्या कायम पोटगीच्या हुकूमनाम्याला मात्र दरखास्तीसाठी, म्हणजे अंमलबजावणीच्या अर्जासाठी, 12 वर्षांची मुदत असते.

‘दरखास्त वर्षानुवर्षं पडून राहते.’ राहुल शाह प्रकरणात (2021) सर्वोच्च न्यायालयाने दरखास्त सहा महिन्यांत निकाली काढण्यास सांगितलं. उशीर झाल्यास कारणं लेखी नोंदवायची. तरीही अनेक दरखास्ती रखडतात. न्यायालयांवरचा भार हे एक कारण. ‘सामनेवाल्याची बरीच मालमत्ता आहे’ एवढंच लिहिलेला अर्ज हे दुसरं. त्यावर बेलिफ (जप्ती करणारा न्यायालयाचा कर्मचारी) जप्त काय करणार? जमिनीचा गट क्रमांक, बँकेची शाखा, गाडीचा नंबर, तो नोकरी करतो त्या मालकाचं पूर्ण नाव-पत्ता द्या. माहिती नसेल, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 21 नियम 41 खाली त्याच्याकडूनच मालमत्तेचं शपथपत्र मागा. आदेश मोडल्यास तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते. नोकरदार असेल, तर पगारजप्ती सर्वांत सरळ. पोटगीच्या हुकूमनाम्यात पगाराचा फक्त एक तृतीयांश भाग सुरक्षित असतो. 60,000 पगारातून 40,000 पर्यंत जप्त होऊ शकतात.

‘तडजोड करा, पैसे नंतर मिळतील.’ परस्पर संमतीच्या घटस्फोटात सगळी रक्कम हुकूमनाम्यानंतरच्या हप्त्यांवर ठेवू नये. एक भाग पहिल्या अर्जावेळी आणि उरलेला दुसऱ्या अर्जावेळी न्यायालयासमोर डिमांड ड्राफ्टने घ्यावा, ड्राफ्टचा क्रमांक पुरसिसमध्ये (न्यायालयात द्यायच्या लेखी निवेदनात) लिहावा. हुकूमनाम्याआधी संमती मागे घेता येते, त्यामुळे रक्कम आली नाही तर सही थांबवता येते. हप्ते टाळताच येत नसतील, तर हप्ता चुकल्यास व्याज आणि उरलेली सगळी रक्कम एकदम देय, ही अट संमतीपत्रात हवीच.