ग्रीकांच्या आधीही आकाश होतं
तारकासमूहांवरचा लेख आवडला, पण त्यातलं ‘तारकासमूहांच्या कथा ग्रीकांनी रचल्या’ हे वाक्य खटकलं. टॉलेमी या ग्रीक खगोलशास्त्रज्ञाने दुसऱ्या शतकात 48 तारकासमूहांची यादी दिली खरी. पण वृषभ, सिंह, वृश्चिक या तारकासमूहांची नावं त्याच्या कितीतरी आधी प्राचीन बॅबिलोनच्या (आजच्या इराकमधल्या) मातीच्या पाट्यांवर कोरलेली आहेत.

आपल्याकडच्या मृग नक्षत्राची कथा तर लेखात यायलाच हवी होती. ऐतरेय ब्राह्मण या वैदिक ग्रंथात ती येते: प्रजापती हरणाचं रूप घेऊन स्वतःच्या मुलीच्या, रोहिणीच्या मागे लागतो, हा अधर्म पाहून देव संतापतात आणि रुद्र त्याला बाण मारतो. आता हिवाळ्यातल्या रात्री वर पाहा. चौकोनाचे चार तारे म्हणजे हरणाचे पाय, मधले ओळीतले तीन तारे म्हणजे पोटात रुतलेला बाण. त्या बाणाची रेषा एकीकडे वाढवली की व्याध, म्हणजे शिकारी रुद्राचा तारा, सापडतो, दुसरीकडे वाढवली की लालसर रोहिणी! शिकारी, शिकार आणि पळणारी मुलगी एकाच रेषेत. ज्याने ही कथा रचली त्याने आकाश किती बारकाईने पाहिलं असेल! मला ही कथा याच ताऱ्यांत शिकारी पाहणाऱ्या ग्रीक ओरायनच्या कथेपेक्षा कितीतरी सरस वाटते, कारण तिच्यात ताऱ्यांची जागाच कथा सांगते.

आणि पुराणांवरच थांबू नका. विदर्भातले गोंड सप्तर्षींत खाट आणि ती चोरायला आलेले तीन चोर पाहतात. अशा लोककथा सांगणारी माणसं अजून आहेत. वाचकांपैकी कुणी आजी-आजोबांकडून काही ऐकलं असेल तर इथे जरूर लिहा.