बापयो रातांबो

वेंगुर्ल्याकडे ज्याच्या मागीलदारी रातांबा, म्हणजे कोकमाचं झाड, नाही, त्याच्या घरात सोलकढी पिताना पाहुणे जरा सांभाळूनच भांडं उचलतात. बाजारची आमसुलं असणार, हा संशय. म्हणून आमच्या आत्तेसासूबाई मालवणहून येताना पिशवीतून रातांब्याचं रोप घेऊन आल्या. बियेचं. दापोलीचं कृषी विद्यापीठ १९७२ साली स्थापन झालं, त्याचं ‘कोकण अमृता’ नावाचं कोकमाचं कलमही मिळतं, पण ही बातमी त्या पिशवीपर्यंत पोचली नव्हती. “कलम कशाक व्हया? ह्या घरचा हा!”

आता कोकमाच्या झाडांत नर वेगळा, मादी वेगळी. बियेच्या रोपांतली साधारण निम्मी नर निघतात, आणि फुलायला लागेपर्यंत सहा-सात वर्षं झाड याबद्दल चकार शब्द काढत नाही.

गाव मात्र गप्प बसत नाही. गडग्यापलीकडून जाणारा प्रत्येक जण विचारायचा, “धरलो काय गो रातांबो?” लग्नानंतरच्या पहिल्या वर्षी मला ज्या काळजीने विचारायचे, अगदी त्याच काळजीने. मग उपाय. मुळात ताक ओत, मासळी धुतलेलं पाणी घाल, खोडात खिळा ठोक. शेजारचे आबा म्हणजे पान चोळून झाडाची जात सांगणारे. त्यांनी पान चोळलं, हुंगलं, डोळे मिटले. “मादी. लिवन् घे.”

एका डिसेंबरात झाड फुललं. मी चष्मा लावून बघायला गेले. मादीच्या फुलात मधोमध हिरवी गोल गाठ असते, तिचाच पुढे रातांबा होतो. इथे फांदीच्या टोकांना घोसच्या घोस, प्रत्येक फुलात पिवळ्या पुंकेसरांचा झुपका, आणि गाठीचा पत्ता नाही. आबांना बोलावलं. त्यांनी बराच वेळ फूल फिरवून पाहिलं आणि जाहीर केलं, “गो, ह्यो तर बापयो!” पानाबद्दल अवाक्षर नाही.

“तोडून टाकूया, नारळ लावू,” हे म्हणाले. सासूबाई आतून कडाडल्या, “फळ देना नाय म्हणान बापयांका तोडूक लागलो तर ह्या घरात कोण ऱ्हवतलो? तो सावली तरी देता!” हे पेपर घेऊन मुकाट्याने पडवीत गेले. तसंही मादी कलमांच्या बागेतसुद्धा मधूनमधून एखादा नर ठेवायला सांगतात, त्यामुळे शास्त्रही सासूबाईंच्याच बाजूचं.

नर्सरीत गेले. जायफळाला हात लावला तर माळी म्हणाला, “वहिनी, ह्यातय नर-मादी असता हां.” पपईकडे नुसतं बघितलं, तर, “तिच्यातय.” मी सोनचाफ्यापुढे उभी राहिले. “आणि ह्याचं काय?” “ह्याचा कायेक नाय. पाणी घाला, फुलतलो.”

फुलला. कलमच ते, लवकर फुललं. पहाटे वासाने जाग येते आणि बाहेर जावं तर झाडाखाली आबा, हातात परडी, अर्धी भरलेली. देवासाठी म्हणून नेतात, तेव्हा बोलायची सोय नाही. परवा शेवटचं फूल खुडता खुडता मलाच म्हणाले, “ह्येका जरा शेणखत घाल गो, फुला बारकी येतत.”