‘देवाचा डोळा’ दर वर्षी दिसतो, आणि त्यानं काचबिंदू बरा होत नाही

आत्यानं परवा घरच्या ग्रुपवर तो फोटो टाकला. तुमच्याकडेही आला असेल: मधोमध निळसर बुबुळ, भोवती लाल-नारिंगी कडं, पापण्यांसारख्या बारीक रेघा. खालचा मजकूर थोडक्यात असा: ‘नासाच्या हबल दुर्बिणीनं टिपलेला देवाचा डोळा. ३००० वर्षांतून एकदाच दिसतो आणि यंदा दिसतो आहे. ताऱ्याच्या महास्फोटातून निघालेली दिव्य ऊर्जा यातून पृथ्वीवर येते. रोज पाच मिनिटं एकटक पाहिल्यास मोतीबिंदू, काचबिंदू बरे होतात. मनातली इच्छा मागा आणि सात जणांना पाठवा, एका दिवसात बदल दिसेल. स्वतःजवळ ठेवू नका.’

मूळ इंग्रजी मजकूर वीसेक वर्षं इंटरनेटवर फिरतो आहे. डोळ्यांच्या आजारांची ओळ मराठीत आणताना कुणीतरी घुसडलेली दिसते. माझा संताप झाला तो याच ओळीमुळे, कारण आत्याला काचबिंदू आहे. तिचा फोन आला, ‘ड्रॉप्स फार महाग झालेत रे. महिनाभर हे करून बघू का?’

तेव्हा आधी याच ओळीचा निकाल लावू. काचबिंदूत डोळ्याकडून मेंदूकडे जाणारी नस हळूहळू मरत जाते. बहुतेकांच्या डोळ्यातला दाब वाढलेला असतो. त्याचा नेहमीचा प्रकार दुखत नाही, खुपत नाही. नजर कडेकडेनं जाते, त्यामुळे सुरुवातीला माणसाला पत्ताच लागत नाही. आणि गेलेली नजर कुठल्याही उपायानं परत येत नाही. ड्रॉप्स तो दाब खाली ठेवतात, म्हणजे उरलेली नजर टिकते. महिनाभर ते बंद ठेवले तर त्या महिन्यात झालेलं नुकसान कायमचं. मोतीबिंदूत डोळ्यातलं भिंगच गढूळ होतं, त्याला शस्त्रक्रियाच लागते. ड्रॉप्स परवडत नसतील तर डॉक्टरांना स्पष्ट सांगा, स्वस्त पर्याय आहे का ते विचारा. हे मी आत्याला सांगितलं, तुमच्या घरात कुणी असेल तर तुम्हीही सांगा.

आणि पाच मिनिटं एकटक पाहायचं ते कशाकडे? मोबाइलच्या स्क्रीनकडे. डोळ्यात जातो तो स्क्रीनचा प्रकाश, आकाशातल्या कुठल्याही वस्तूचा नव्हे. खुद्द ती वस्तू इतकी मंद आहे की नुसत्या डोळ्यांना दिसतच नाही.

आता ३००० वर्षं. फोटोतली वस्तू म्हणजे हेलिक्स तेजोमेघ, म्हणजे मरणाऱ्या ताऱ्यानं सोडलेल्या वायूचा ढग. कुंभ राशीत, आपल्यापासून सुमारे ६५० प्रकाशवर्षांवर. आज दिसणारा त्याचा प्रकाश निघाला तेव्हा दख्खनेत बहमनी राज्य होतं. कार्ल लुडविग हार्डिंग या जर्मन खगोलशास्त्रज्ञानं १८२४ च्या सुमारास त्याची नोंद केली. १८८८ मध्ये ड्रायर या खगोलशास्त्रज्ञांनी तयार केलेल्या ‘न्यू जनरल कॅटलॉग’ (एनजीसी) या यादीत त्याला ७२९३ हा क्रमांक मिळाला, म्हणून त्याचं दुसरं नाव एनजीसी ७२९३. म्हणजे दोनशे वर्षं लोक तो बघताहेत. धूमकेतू ठरावीक काळानं परततो, कारण तो सूर्याभोवती फिरतो. हेलिक्स सूर्याभोवती फिरत नाही. पृथ्वी वर्षातून एकदा सूर्याला फेरी घालते, म्हणून कुंभ राशीतले तारे दर वर्षी त्याच महिन्यांत रात्रीच्या आकाशात येतात आणि त्यांच्याबरोबर हा तेजोमेघही येतो. गेल्या वर्षी आला होता, पुढच्या वर्षीही येईल.

आणखी एक हिशेब करून बघा. हेलिक्सचा वायू सेकंदाला साधारण ३० किलोमीटरनं बाहेर पसरतो आहे. हा प्रकाशाच्या वेगाचा दहा हजारावा भाग झाला. म्हणजे ३००० वर्षांत त्याची कड प्रत्येक बाजूला ०.३ प्रकाशवर्ष सरकते. त्याची आजची रुंदीच मुळात तीनेक प्रकाशवर्षं आहे आणि वय दहा हजार वर्षांच्या आसपास. ३००० वर्षांपूर्वी तो चांगलाच लहान होता, आणखी ३००० वर्षांनी मोठा आणि अधिक विरळ असेल. तोच डोळा पुन्हा उघडेल अशी सोयच नाही. अशा तेजोमेघाचं सगळं आयुष्यच काही दहा हजार वर्षांचं असतं, नंतर वायू पांगून जातो.

फोटो खरा आहे का? हो, फोटो खरा आहे आणि डोळ्यासारखा दिसतो हेही मान्य करावं लागतं. पण तो कसा मिळाला हे मजकूर लिहिणाऱ्याला ठाऊक असतं, तर ‘यंदा’ हा शब्द त्यानं वापरला नसता. हबलच्या शास्त्रज्ञांनी ९ मे २००३ ला तो प्रसिद्ध केला, आणि त्यासोबतच्या निवेदनात सगळं लिहिलेलं आहे. नोव्हेंबर २००२ मध्ये सिंह राशीतून येणारा लिओनिड उल्कावर्षाव जोरात होणार होता. उल्कांचे कण आरशाला लागू नयेत म्हणून हबलची पाठ त्या दिशेला करून ठेवायची होती, सुमारे अर्धा दिवस. उलट दिशेला नेमका हेलिक्स येत होता. मग काही शास्त्रज्ञांनी ती वेळ वाया जाऊ न देता हबलच्या पृथ्वीभोवतीच्या नऊ प्रदक्षिणांमध्ये त्याची छायाचित्रं घेतली. हेलिक्स आकाशात पौर्णिमेच्या चंद्राच्या जवळपास निम्म्या रुंदीचा दिसतो आणि हबलच्या कॅमेऱ्याचं क्षेत्र फार लहान. म्हणून तुकडे जोडले, आणि अमेरिकेतल्या किट पीक वेधशाळेच्या ०.९ मीटर दुर्बिणीनं घेतलेलं चित्र त्यात मिसळलं. दोन दुर्बिणींचं, अनेक तुकड्यांचं हे चित्र आहे.

रंगही कुणी मनानं भरलेले नाहीत. निळा भाग ऑक्सिजनचा, लाल भाग हायड्रोजन आणि नायट्रोजनचा. हे ओळखता येऊ लागलं त्याला मोठा इतिहास आहे. १८६४ मध्ये खगोलशास्त्रज्ञ विल्यम हगिन्स यांनी कालेय तारकासमूहातल्या अशाच एका तेजोमेघाचा वर्णपट, म्हणजे रंगांत फोडलेला प्रकाश, पाहिला, तेव्हा ताऱ्यासारखा सलग पट्टा न दिसता मोजक्या तेजस्वी रेषा दिसल्या. म्हणजे तो ताऱ्यांचा पुंजका नव्हता, तापलेला विरळ वायू होता. त्यातली हिरवट रेष पृथ्वीवरच्या कुठल्याच मूलद्रव्याशी जुळेना. लोकांनी नवं मूलद्रव्यच कल्पिलं, त्याला नेब्युलियम नाव दिलं. शेवटी १९२७ मध्ये आयरा बोवेन यांनी दाखवलं की तो दोन इलेक्ट्रॉन गमावलेला आपला नेहमीचा ऑक्सिजन आहे. वायू अतिशय विरळ असेल तरच ती रेष अशी ठळक उमटते.

सात जणांना पाठवा आणि एका दिवसात बदल, यावर वेळ घालवत नाही. ‘स्वतःजवळ ठेवू नका’ ही मात्र सरळ भीती घालणं आहे, आणि म्हातारी माणसं त्या भीतीपोटीच पुढे पाठवतात. बिनधास्त डिलीट करा.

राहिला महास्फोट. स्फोट झालेलाच नाही. सूर्याच्या आठपटीहून जास्त वस्तुमानाचे तारे स्फोट होऊन मरतात. वृषभ राशीतला क्रॅब तेजोमेघ तसा आहे, त्याचा स्फोट चिनी निरीक्षकांनी १०५४ मध्ये नोंदवला. त्याचा वायू सेकंदाला हजारभर किलोमीटरहूनही जास्त वेगानं पळतो आहे. हेलिक्सचा वेग ३०. तो सूर्यासारख्या ताऱ्याचा शेवट आहे. गाभ्यातला हायड्रोजन संपला की असा तारा फुगून लाल राक्षसी तारा होतो, मग हेलियम जळून गाभ्यात कार्बन आणि ऑक्सिजन साठतो. पुढे तारा धडधडू लागतो, त्याचे बाहेरचे थर संथपणे सुटत जातात आणि आतला गाभा उघडा पडतो. हेलिक्सच्या मधला तो गाभा लाखभर अंशांहून अधिक तापलेला आहे. त्याच्या अतिनील प्रकाशानं भोवतीचा वायू उजळतो. त्या पापण्या म्हणजे दाट वायूच्या हजारो गाठी, एकेकीचं डोकं आपल्या सूर्यमालेच्या दुप्पट तरी, आणि शेपट्या मधल्या ताऱ्यापासून दूर रोखलेल्या. गाभा पुढे पृथ्वीएवढा श्वेत बटू होऊन निवत राहतो. पाचेक अब्ज वर्षांनी आपला सूर्यही याच वाटेनं जाणार आहे.

‘ऊर्जा’ नाही, पण असे तारे आपल्याला काहीतरी देतात एवढं कबूल. आपल्या शरीरातल्या कार्बनचा आणि नायट्रोजनचा मोठा वाटा त्यांनीच अवकाशात सोडलेला आहे. १९५२ मध्ये खगोलशास्त्रज्ञ पॉल मेरिल यांना काही लाल राक्षसी ताऱ्यांच्या वर्णपटात टेक्नेशियम सापडलं. हे मूलद्रव्य ताऱ्याच्या वयाच्या मानानं फार लवकर क्षय पावतं. म्हणजे ते त्या ताऱ्यातच, नुकतंच तयार झालेलं असणार. तारे मूलद्रव्यं घडवतात याचा तो थेट पुरावा होता.

ज्यांना हेलिक्स खरोखर पाहायचा आहे त्यांनी ऑक्टोबरच्या मध्यावर, अमावास्येच्या आसपास रात्री नऊला दक्षिणेकडे पाहावं. उत्तर युरोपातून तो क्षितिजाजवळच असतो, पुण्याहून मात्र पन्नास अंश वर येतो. शहराच्या दिव्यांपासून लांब जायला हवं. खाली फोमलहाऊट हा एकटा ठळक तारा दिसेल, त्याच्या वर मोठी द्विनेत्री किंवा दुर्बीण कमीत कमी मॅग्निफिकेशनवर ठेवून फिरवावी. करडा, धूसर गोल दिसतो, रंग दिसत नाहीत. एखाद्या आकाशनिरीक्षण मंडळाबरोबर गेलात तर दुर्बिणीला ऑक्सिजनचा फिल्टर लावायला सांगा. तो बोवेन यांनी ओळखलेल्या त्या रेषेचा प्रकाश येऊ देतो आणि बाकीचा बराचसा अडवतो, त्यामुळे मधली पोकळी वेगळी ओळखू येते.