प्रोटोकॉल ४७ आणि चवथीच्या नेवऱ्या

चवथीला आमच्या फोंड्याच्या घरी नऊ भावंडं आणि सात लॅपटॉप जमतात. गणपतीवरची फळापानांची माटोळी बांधून झाली की मोठ्यांचे पत्ते सुरू होतात आणि आमचा बंदुकबाजीचा गेम, काउंटर-स्ट्राइक १.६. हा गेम २००३ चा, म्हणजे धाकट्या मामेबहिणीपेक्षा थोरला. पैसे मोजून घेतलेली प्रत घराण्यात एकाचीही नाही. कुणाची हॉस्टेलच्या पेनड्राइव्हवरची, तर कुणाची म्हापशाच्या बंद पडलेल्या सायबर कॅफेतून वारशाने आलेली.

दादाने सर्व्हर लावला. मी जोडायला गेलो तर पडद्यावर उत्तर: सर्व्हरचा प्रोटोकॉल, म्हणजे बोलायची आवृत्ती, ४८, तुमचा ४७. पत्रिका जुळत नाही, एवढंच म्हणायचं बाकी ठेवलं होतं.

"एकाचाच फरक ना? भागवून घ्या की!" नेवऱ्यांचं ताट ठेवत मामी म्हणाली.

मग दादाची प्रत सगळ्यांना वाटली. ताईच्या अँटिव्हायरसने ती प्रसादासारखी तिथल्या तिथे गट्ट केली. मावसभावाचा डस्ट टू नावाचा नकाशा सर्व्हरच्या डस्ट टूहून वेगळा निघाला. ज्या नकाशाच्या गल्ल्या त्याला फोंड्याच्या बाजारापेक्षा पाठ, तोच नकली! गेममधला बॉम्ब फुटायला ४५ सेकंद पुरतात. आम्हाला एकमेकांना सापडायला पावणेतीन तास लागले.

माझं दुखणं मात्र मीच जपलेलं. बटणांची सवय मोडू नये म्हणून बटणं आणि नाव जिथे नोंदलेलं असतं ती जुनी कॉन्फिग फाइल मी तेवढी राखून ठेवली होती. मागच्या पावसाळ्यात कंटाळून कुठल्याशा परदेशी सर्व्हरवर गेलो होतो. असले काही सर्व्हर आपल्या कॉपीला गुपचूप हुकूम सोडतात, आणि ही जुनी चोरटी कॉपी गरीब गाईसारखी सगळं ऐकून त्याच फाइलमध्ये उतरवून ठेवते. आता बंदूक घ्यायला 'बी' दाबलं की दुकान उघडायच्या ऐवजी चॅटमध्ये माझ्या नावाने परक्या भाषेतलं आमंत्रण जाई. पहिल्या फेरीला ८०० डॉलर मिळतात, एके-४७ अडीच हजारांची. पुढे खिशात तेवढे जमले, तरी मी पिस्तुलावरच मरत राहिलो. नावाच्या जागीही त्याच सर्व्हरचा पत्ता! बदललं की पुन्हा तेच.

संध्याकाळी आरतीला उभे राहिलो. घुमट वाजवणारा दादा घामाघूम झाला होता. भर आरतीत, सगळ्या नातेवाइकांसमोर, त्याने मला हाक मारली, "ए जाहिरात, घुमट धर जरा!"