दिसतोय का लामा?

जून महिन्यात पेरूतल्या कुस्कोला अंधार पडल्यावर करण्यासारखं शहाणपणाचं काम एकच. हॉटेलने दिलेली सगळी ब्लँकेटं अंगावर ओढून गप पडून राहायचं. शहर समुद्रसपाटीपासून ३,४०० मीटरवर. दिवसा ऊन छान लागतं, पण सूर्य डोंगराआड गेला की पारा शून्याच्या दिशेने धावत सुटतो. स्पॅनिश येण्याआधी इथे राज्य करणारे इंका लोक सूर्याला देव का मानत, हे समजायला ग्रंथ वाचावे लागत नाहीत. संध्याकाळी सहा वाजता इथल्या रस्त्यावर उभं राहिलं की आपोआप हात जोडले जातात.

पण आमच्या ह्यांना तारे बघायचे होते. बँकेतून निवृत्त झालेली माणसं एकतर सोसायटीच्या कमिटीत जातात, नाहीतर आकाशाकडे बघायला लागतात. हे आधी कमिटीत गेले. तिथल्या लोकांनी हात टेकल्यावर वर बघायला लागले. तेव्हापासून फोनमध्ये तारे ओळखणारं अ‍ॅप, गच्चीवर सतरंजी आणि घरात कायम लाल सेलोफेन लावलेली बॅटरी. पेरूला जायचं ठरलं तेव्हा मी माचूपिचूचे फोटो बघत होते आणि हे अमावास्या कधी आहे ते बघत होते.

"शहरावरच्या टेकडीवर तारांगण आहे. इंकांचं खगोलशास्त्र सांगतात. चौघांची नावं दिली," हे म्हणाले.

चौघं म्हणजे आम्ही दोघं, माझ्या थोरल्या नणंदबाई आणि त्यांचे यजमान. भावोजी साताऱ्याकडचे, शेतीवाडीवाले, कमी बोलणारे. वन्संचं डोकं उंचीमुळे सकाळपासून ठणकत होतं. हॉटेलातला कोकाच्या पानांचा चहा त्यांना आवडला नव्हता, पण तो फुकट होता म्हणून त्या दिवसभर पीत होत्या. त्यांनी एकच विचारलं, "तिथं बसायला खुर्च्या आहेत ना?"

गाडी न्यायला येणार होती. आली, पण हलेना. २४ जूनचा इंटी रायमी, म्हणजे सूर्याचा उत्सव, दोन दिवसांवर आलेला. दक्षिण गोलार्धात याच सुमाराला सूर्य सगळ्यात लांब गेलेला असतो, म्हणून त्याला परत बोलवायचं. स्पॅनिशांनी हा उत्सव बंद पाडला होता, १९४४ साली तो पुन्हा सुरू झाला. तेव्हापासून राहिलेल्या सगळ्या वर्षांची भरपाई चालली असावी, कारण महिनाभर रोज कुठली ना कुठली मिरवणूक असते. अनंत चतुर्दशीला लक्ष्मी रोडवर अडकलेल्या रिक्षासारखी आमची गाडी एका ढोलपथकामागे मुंगीच्या पावलांनी सरकत होती. गाडीत मागे एक जर्मन जोडपं होतं आणि ब्राझीलचं एक नवपरिणीत जोडपं होतं. नवपरिणीतांना उशिराचं काही वाटत नव्हतं. जर्मनांना फार वाटत होतं.

शेवटी एकदाची टेकडी आली. गाडीपासून तारांगणापर्यंत मोजक्या पायऱ्या, पण या उंचीवर बुटाची नाडी बांधली तरी धाप लागते. वन्सं दर दोन पायऱ्यांना थांबून "काय सुंदर आहे हो" म्हणत होत्या. समोर मिट्ट काळोख होता.

आत घुमट, खुर्च्या आणि एक चुणचुणीत मुलगी. खुर्च्या दिसताच वन्संचं डोकं उतरलं. मुलगी भरभर सांगत होती. कुस्कोतल्या सूर्यमंदिरापासून, म्हणजे कोरिकांचापासून, चारी दिशांना रेषा जायच्या. एकूण ४१ रेषा आणि त्यांच्यावर ३२८ पवित्र जागा. कुठे झरा, कुठे खडक, कुठे टेकडी. पैकी काही ठिकाणी क्षितिजावर दगडी खांब होते. सूर्य कुठल्या खांबाजवळ मावळतो ते बघून पेरणी ठरायची. स्पॅनिशांनी खांब पाडले आणि सूर्यमंदिरावर चर्च बांधलं. वर्षातून दोनदा सूर्य बरोबर डोक्यावर येतो आणि सावली नाहीशी होते, त्या दिवसांनाही मान होता.

इथे आमच्या ह्यांचा हात वर. "आमच्या पुण्यातसुद्धा शून्य सावलीचा दिवस असतो. मे महिन्यात."

मुलगी "हाऊ नाइस" म्हणाली. मग ह्यांनी पुण्याचे अक्षांश सांगितले. मग मुंबईचे. जर्मन बाई घड्याळ बघू लागल्या. भावोजी तोवर झोपले होते, आणि घुमटाखाली घोरणं फार घुमतं असा अनुभव आला.

मग तिने मुख्य विषयाला हात घातला. आपण, ग्रीक, बॅबिलोनवाले, सगळे ताऱ्याला तारा जोडून चित्रं काढतो. अँडीजमधल्या लोकांनी तेही केलं, पण त्यांची खरी मातब्बर चित्रं काळी आहेत. आकाशगंगा म्हणजे त्यांची नदी, मायू. दक्षिणेकडून तिचा सगळ्यात दाट, उजळ पट्टा डोक्यावर येतो, आणि त्यात धुळीच्या ढगांनी मागचा उजेड अडवला की काळे डाग पडतात. ते डाग म्हणजे नदीवर पाणी प्यायला आलेले प्राणी. साप, बेडूक, युतू नावाचा तित्तरासारखा पक्षी, लामा म्हणजे इथला उंटाच्या कुळातला लांब मानेचा लोकरी प्राणी, लामाचं पिल्लू आणि मागून येणारा कोल्हा.

"तेव्हा आता बाहेर जाऊ," ती म्हणाली, "आणि जिथे तारे नाहीत तिथे बघू."

जन्मभर तारे असतात तिथे बघूनसुद्धा मला सप्तर्षींपलीकडे काही ओळखू आलेलं नाही. वृश्चिक म्हणजे विंचू, ठीक आहे, नांगी दिसते. पण बाकीच्या राशी ज्याने पहिल्यांदा पाहिल्या त्याला त्या रात्री कोणीतरी विरोध करायला हवा होता.

बाहेर वारा सुऱ्यासारखा. चंद्र नव्हता, हे ह्यांचं श्रेय, ते त्यांनी दोनदा घेतलं. आकाश मात्र असं होतं की मी क्षणभर कुरकूर विसरले. मुलीने हिरवा लेसर लावला. "हा त्रिशंकू," हे माझ्या कानात. त्याला चिकटून एक काळा खड्डा, तो युतू. शेजारी नरतुरंगातले दोन ठळक तारे, ते लामाचे डोळे. तिथून लांब मान, मग वृश्चिकाकडे पाठ, पोटाखाली दूध पिणारं पिल्लू. या लामाचं नाव याकाना. मध्यरात्री ती खाली उतरते आणि समुद्राचं पाणी पिऊन टाकते. ती प्यायली नाही तर सगळं जग बुडेल, अशी गोष्ट हुआरोचिरी भागातल्या लोकांकडून सतराव्या शतकाच्या सुरुवातीला लिहून ठेवली गेली.

"दिसला?" मुलीने विचारलं.

"वंडरफुल!" जर्मन.

"मान बघ ना, मान!" वन्सं. "आणि पिल्लू काय गोड! शेपूट हलतंय जणू."

मला डोळे दिसत होते. डोळे म्हणजे दोन तारे. बाकी प्राण्याचा पत्ता नव्हता. मी डोकं तिरकं केलं, एक डोळा मिटला, चष्मा पुसला. एकदा काहीतरी दिसलं, तो जर्मनांच्या टोपीचा गोंडा निघाला.

"दिसला," मी म्हणाले.

आकाशाच्या बाबतीत मी आधीपासून सराईत आहे. आमचं लग्न दादरच्या एका कार्यालयात, भर मे महिन्यात, दुपारी साडेबाराला लागलं. सप्तपदीनंतर गुरुजींनी पंख्याकडे बोट करून विचारलं, "ध्रुव दिसला? अरुंधती दिसली?" वर छत, त्यावर दोन मजले आणि त्यावर ऊन. आम्ही दोघांनी एका आवाजात "दिसली" म्हटलं. पंगत खोळंबली होती. आपल्याकडचे संसार या साक्षीवर उभे आहेत आणि बरे चाललेत.

थोड्या वेळाने हे जवळ सरकले. बराच वेळ गप्प होते, तेव्हाच मला संशय यायला हवा होता.

"तुला खरंच दिसला?"

"हो. पिल्लासकट."

ह्यांचा चेहरा अंधारातही पडलेला कळला. फोन काढून अ‍ॅपमध्ये शोधायला गेले, तर पडद्याचा उजेड सगळ्यांच्या डोळ्यांत. मुलगी ओरडली, ब्राझीलची नवरी ओरडली, जर्मनांनी उसासा टाकला. डोळे अंधाराला सरावायला पुन्हा वीस मिनिटं लागतात, हे वाक्य हे मला दर अमावास्येला ऐकवतात. ते आता त्यांनी जर्मनांकडून ऐकलं.

अपमान झाला की माणूस ओळखीचं काही शोधतो. ह्यांनी ध्रुवतारा विचारला. मुलगी म्हणाली, तो इथून दिसत नाही, आपण विषुववृत्ताच्या दक्षिणेला आहोत, तो क्षितिजाखाली.

"म्हणजे आपला एक साक्षीदार फरार," मी म्हटलं.

"अरुंधती असेल," हे म्हणाले. आणि खरंच, उत्तरेला डोंगराच्या जरा वर सप्तर्षी लोंबकळत होते, साफ उलटे. मुलीने कौतुकाने दुर्बीण तिकडे वळवली. आधी मी डोळा लावला. वसिष्ठ दिसला, जरा बाजूला अरुंधती. इतक्या वर्षांनी, खरोखर. पण वसिष्ठ एक नव्हता. एकमेकांना चिकटलेले दोन तारे होते.

"बरोबर," हे आता पुन्हा फॉर्मात आले. "वसिष्ठ जोडतारा आहे. दुर्बिणीतून दोन दिसतात."

वन्संनी मला सारून डोळा लावला आणि सावकाश बघितलं. "म्हणजे ती एकटी आणि हे दोन? गुरुजींनी तेव्हा हे सांगितलं नाही ते बरं झालं. एकाचंच करता करता माझे गुडघे गेले."

या हशाने भावोजी पूर्ण जागे झाले. मुलगी आता कृत्तिकांबद्दल सांगत होती. इथे त्यांना कोल्का म्हणतात, धान्याचं कोठार. जूनमध्ये पहाटे शेतकरी डोंगरावर चढून कृत्तिका बघतात. ठळक दिसल्या तर पुढे पाऊस चांगला. मंद दिसल्या तर कमी, मग बटाट्याची लावण काही आठवडे पुढे ढकलायची. लोकांना ही अंधश्रद्धा वाटायची. २००० साली 'नेचर'मध्ये शोधनिबंध आला, की एल निन्योच्या वर्षी खूप उंचावर पातळ ढग येतात, त्यांनी कृत्तिका मंद होतात, आणि त्याच वर्षी इथे पाऊसही कमी होतो. शेतकऱ्यांचा आडाखा खरा निघाला.

दिवसभरात भावोजी पहिल्यांदा खुर्चीत पुढे झुकावं तसे उभ्याउभ्या पुढे झुकले. "तिला सांग," ते ह्यांना म्हणाले, "आमच्या पंचांगात पावसाच्या नक्षत्राला वाहन असतं. म्हैस, बेडूक, हत्ती आला तर जोरात. कोल्हा, मेंढा आला तर बोंब."

ह्यांनी भाषांतर केलं. मुलीने वही काढली. कोल्हा? तुमच्याकडेही? आणि बेडूक? आमचा बेडूक तो बघा, पश्चिमेकडे. लेसर फिरला. भावोजींनी वर एकदाच बघितलं आणि म्हणाले, "हां. बसलाय की."

त्यांना लगेच दिसला. मला राग आला.

"यंदा आर्द्राला काय वाहन आहे?" मुलीने विचारलं. भावोजींना आठवेना. त्यांनी गावाकडे भावाला फोन लावला. इकडे रात्रीचे आठ, तिकडे सकाळचे साडेसहा. पडद्याच्या उजेडाने जर्मन पुन्हा कळवळले, पण हे शेतीचं काम होतं.

"आर्द्राचं वाहन काय रे? ... बेडूक? मग पाऊस? ... थेंब नाही? अरे, इथं आभाळात दिसतोय बेडूक. हां, पेरूत. चांगला टुमटुमीत आहे."

फोनचा आवाज मोठा होता, त्यामुळे पलीकडचं उत्तर टेकडीवर सगळ्यांनी ऐकलं.

"तिथं काय करतंय ते बसून? हिकडं लावून द्या!"