आधी पाटी, मग टाकी

सावकार, पैसा मिळवलात. उद्यमबागेत फौंड्री चाललीय, दारात दोन गाड्या आहेत, बंगल्याची वास्तुशांत झाली. पण नावाच्या आधी अजून काहीच लागलेलं नाही, हे बरं दिसत नाही. समाजभूषण व्हा. मी गेली वीस वर्षं बेळगावपासून निपाणी-खानापूरपर्यंत मानपत्रं लिहून देतोय, म्हणून चार गोष्टी हक्कानं सांगतो.

बेळगाव जिल्ह्यातल्या शिरसंगीच्या लिंगराज देसाईंचा कित्ता मात्र गिरवू नका. त्या माणसानं अख्खी इस्टेट मृत्युपत्रानं शिक्षणासाठी लिहून दिली आणि 1906 साली डोळे मिटले. आता फेटा बांधायचा कुणाला? बेळगावात त्यांच्या नावाचं कॉलेज आहे, कबूल. पण चेक देतानाचा एक तरी फोटो दाखवा! दान हयातीत करावं, आणि फोटोग्राफर आल्यावर करावं.

कंपनीचा निव्वळ नफा वर्षाला 5 कोटींच्या वर असेल तर काम आणखी सोपं. कंपनी कायद्याचं कलम 135 मागच्या तीन वर्षांच्या सरासरी नफ्यातले 2 टक्के समाजासाठी खर्च करायला लावतं. म्हणजे हे द्यावंच लागतं. जसा कामगाराला किमान 8.33 टक्के बोनस द्यावा लागतो, तसंच. पण बोनस दिला म्हणून कुणी तुम्हाला शाल घातलीय कधी? उलट दिवाळीच्या तोंडावर गेटवर कटकट. या दोन टक्क्यांच्या समाजखर्चाला, म्हणजे सीएसआरला, मात्र शाल, श्रीफळ आणि वर टाळ्या. तेव्हा कुठलं देणं आधी भागवायचं, हे तुम्हाला शिकवायला नको. शिवाय फक्त स्वतःच्या कामगारांसाठी केलेला खर्च सीएसआरमध्ये धरतच नाहीत, नियमच तसा आहे. ओतलेला माल घासून साफ करणाऱ्या फेटलिंगवाल्याच्या नाकातोंडात दिवसभर धूळ जाते, त्याला मास्क दिलात तर तो नुसता खर्च. तेच मास्क परगावच्या शाळेत वाटलेत तर सेवा. कायद्यापुढं आपण काय बोलणार?

वस्तूच द्यायची तर पाण्याची टाकी द्या. आमच्या ओळखीतल्या एका मराठी शाळेला अशी टाकी मिळाली. पाटी काळ्या ग्रॅनाइटची, अक्षरं सोनेरी. वर मोठ्या अक्षरात कानडी, कारण कर्नाटकात बोर्डावर 60 टक्के कानडी हवी. हा नियम दुकानांपुरता की दानालाही लागू, हे विचारत बसायला वेळ कुणाला? खाली उरलेल्या जागेत मराठी. दोन्हीकडं दात्याचं नाव, वडिलांचं नाव, फर्मचं नाव. पाटीचा खर्च वाढला, तेव्हा हजार लिटरची टाकी पाचशेवर आणली. पाटीला हात लावला नाही. दिवाळीच्या सुट्टीनंतर तोटी गळायला लागली, मग पाणी भरणंच बंद झालं. पोरं आता घरून बाटल्या आणतात. शिपाई मात्र दर शनिवारी ओल्या फडक्यानं पाटी पुसतो, कारण मुख्याध्यापकांना पुढच्या वर्षी छपराला पत्रे हवेत.

महापुराचं फार सांगत नाही. 2019 च्या ऑगस्टमध्ये कृष्णा आणि घटप्रभा दोन्ही चढल्या, तेव्हा ज्यांच्याकडं मदतीच्या पाकिटांवर लावायला नावाचे स्टिकर तयार होते त्यांचं झालं. बाकीचे छापखान्यात बसून राहिले, तोवर पाणी ओसरलं.

आता पुरस्कार. तो मागून मिळत नाही, मागवावा लागतो. फोन येईल, "साहेब, आपली एकमतानं निवड झालीय." लगेच उड्या मारू नका; पाठोपाठ स्मरणिकेच्या जाहिरातीचं रेटकार्ड येतं. मागचं पान, रंगीत, घ्या. हॉलचं भाडं आणि जेवणही तुमच्याकडंच येईल, ते मोठ्या मनानं उचला. मग स्टेजवर "मी या सत्काराला पात्र नाही" असं म्हणायचं. हे वाक्य ऐकून कुणी हसत नाही, मी पाहिलंय.

खरी कसोटी 1 नोव्हेंबरला. चन्नम्मा चौकात कर्नाटक राज्योत्सवाची मिरवणूक आणि त्याच दिवशी, बेळगाव महाराष्ट्रात हवं म्हणणाऱ्यांची काळ्या दिवसाची सायकल फेरी. कसलेला दानशूर घाबरत नाही. चित्ररथाच्या जनरेटरला डिझेल देतो, त्यावर फर्मचा फ्लेक्स लावतो. फेरीच्या वाटेवर थंड पाण्याच्या बाटल्यांचे बॉक्स उतरवतो, तिथं मात्र फ्लेक्स नाही, नाव नाही, पावतीसुद्धा नाही. उभ्या आयुष्यातलं हे त्याचं एकमेव गुप्तदान.

आणि मानपत्र आमच्याकडूनच लिहून घ्या. "गोरगरिबांचे कैवारी" आणि "आधुनिक कर्ण" एकत्र घेतलंत तर "मितभाषी" वरकड मिळेल. फक्त पैसे आगाऊ द्यावे लागतील. गेल्या वेळच्या समाजभूषणांकडं पाचशे रुपये राहिलेत. मागायला गेलो तर खुर्चीवर बसवलं, कुंदा खायला दिला आणि म्हणाले, "गुरुजी, समाजकार्यात कुठं पैसे बघताय हो?"