ललिता पवारांचा डोळा

परत एकदा तीच पोस्ट फिरतेय. १९४२ साली शूटिंगमध्ये भगवानदादांची थप्पड जरा जास्तच जोरात लागली, चेहऱ्याला लकवा झाला, डावा डोळा कायमचा बारीक झाला आणि म्हणून हिंदी सिनेमाला खाष्ट सासू मिळाली. घडलं ते खरं आहे, पण तो ‘म्हणून’ मला मनापासून खटकतो. बाईंची सगळी मेहनत त्या एका शब्दात आपण त्या थपडेच्या नावावर करून टाकतो.

अरे, येवल्यात जन्मलेली ही मुलगी, मूळ नाव अंबिका सगुण, लहानपणीच मूकपटात कामाला लागली, हिरॉइन झाली, ‘दुनिया क्या है’सारखा सिनेमा स्वतः प्रोड्यूस केला. थप्पड बसली तेव्हा वय सव्वीस. उपचार खूप लांबले, हिरॉइनची कामं गेली ती गेलीच. पण १९४४ चा प्रभातचा ‘रामशास्त्री’ बघा, त्यात आनंदीबाई कोण आहे? ललिताबाईच. ‘ध चा मा’ करणारी ती बाई नुसत्या डोळ्याने उभी राहत नाही हो, त्याला आवाज लागतो, मान कधी वळवायची आणि कुठे थांबायचं हे कळावं लागतं.

आणि डोळ्यामुळेच सगळं जमलं म्हणणाऱ्यांनी १९५९ चा ‘अनाडी’ परत बघावा. मिसेस डिसा! राज कपूरवर तोंडाने सारखी करवादते पण जीव त्याच्यात अडकलेला, वरून फटकळ आणि आतून नुसती माया. डोळा तोच बारीक झालेला, पण ती हसली की त्याच डोळ्यात किती लाड दिसतात. फिल्मफेअर मिळालं ते याच कामाला. ‘श्री ४२०’मधली केळीवाली, ‘प्रोफेसर’मधली आधी करडी आणि मग म्हाताऱ्याचं सोंग घेतलेल्या शम्मी कपूरच्या प्रेमात पडून लाजणारी बाई, ‘आनंद’मधली मेट्रन, तीसुद्धा डिसाच आणि दिग्दर्शकही तेच हृषीकेश मुखर्जी. ह्यातली सासू कुठली सांगा बरं?

मला राग याचा येतो की कॅरेक्टर रोल करणाऱ्यांना आपण एक शिक्का मारून मोकळे होतो. सातशेच्या आसपास सिनेमे केले त्यांनी. १९९८ च्या फेब्रुवारीत औंधच्या घरी गेल्या तेव्हा जवळ कुणीच नव्हतं, हे वाचलं की आजही पोटात कालवतं.

आमची आजी रविवारी सकाळी ‘रामायण’ लागलं की मंथरा दिसताच बोटं मोडायची, “मेली काळतोंडी, बघ कशी कान भरतेय.” पुढे एकदा दूरदर्शनवर ‘अनाडी’ लागला होता. मिसेस डिसा जाते तिथे आजी पदराने डोळे पुसत बसलेली, मी म्हटलं, “आजी, अगं ही तीच तुझी मंथरा.”

माझ्याकडे न बघताच म्हणाली, “असू दे. गप बस जरा, बाई चाललीये ना तिथं.”